पोफळीच्या बागेत, गडग्यावर, विहिरीत आणि तळ्यात माजलेले नेचे: कुठला काढायचा, कसा काढायचा आणि कुठला राहू द्यायचा

ताई, तुमचा प्रश्न आधी थोडक्यात मांडतो म्हणजे बाकी वाचणाऱ्यांना संदर्भ लागेल. कुडाळ तालुक्यात सासरचं जुनं घर, मागे वीसेक गुंठे बागायत, त्यात माड, पोफळी, पोफळींवर काळी मिरी चढवलेली आणि चार जायफळं. काही वर्षांपूर्वी नर्सरीतून फर्नच्या कुंड्या आणल्या होत्या, एक कुंडी फुटली म्हणून त्यातलं रोप पोफळीच्या बुडाशी लावलं आणि आता अर्धी बाग फर्नने भरली. शिवाय जांभ्याच्या गडग्यावर (रचलेल्या कुंपणाच्या भिंतीवर) फर्न, विहिरीच्या आत फर्न, जुन्या आंब्याच्या फांद्यांवर फर्न आणि खालच्या तळीत काहीतरी हिरवं तरंगतंय ते वेगळंच. दुकानदार म्हणतो तणनाशक मारा, शेजारचे काका म्हणतात मीठ टाका, गड्याने कोयतीने दोनदा सगळं साफ केलं तरी महिन्याभरात परत तेवढंच उभं राहिलं. आता काय करू आणि किती दिवस लागतील, असं विचारलंय, सोबत तळीचा फोटोही पाठवलाय.

मी बागायतीच्या देखभालीची कामं करतो आणि दर पावसाळ्यानंतर याच तक्रारीचे फोन येतात, म्हणून जरा सविस्तरच लिहितो. सगळ्यात आधी हे लक्षात घ्या की तुम्ही सांगितलेल्या पाच जागांवर एकच फर्न नाहीये. बागेतला वेगळा, गडग्यावरचा वेगळा, विहिरीतला वेगळा, आंब्यावरचा तर अगदीच वेगळा आणि तळीतलं जे आहे ते पण बहुतेक नेचाच (म्हणजे फर्नच) आहे पण पाण्यावर तरंगणारा. यातला बागेतला आणि (असला तर) तळीतला हे दोन काढायचेच. गडग्यावरचा कुठे वाढलाय ते बघून ठरवायचं. विहिरीतला आणि आंब्यावरचा शक्यतो सोडून द्या, सगळं एका झपाट्यात साफ करायच्या मागे लागलात तर मजुरी जाईल आणि नको तिथे नुकसान होईल.

बागेतल्यापासून सुरुवात करू कारण खरा त्रास तोच आहे. कुंडीतून सुटून असा पसरणारा म्हणजे नेफ्रोलेपिस, आणि त्यातही बहुतेक वेळा नेफ्रोलेपिस कॉर्डिफोलिया. नर्सरीत याला सरसकट बोस्टन फर्न म्हणून विकतात पण बोस्टन फर्न वेगळा, त्याची पानं लांब, झुकलेली, पिसारलेली. कॉर्डिफोलियाची पानं अरुंद, बऱ्यापैकी सरळ उभी आणि दोन्ही बाजूच्या पानोळ्या (पानातली लहान पानं) देठाशी एकमेकींवर चढल्यासारख्या दाट. खात्री करायची तर एक गड्डा उपटून बघा. मुळांमध्ये तपकिरी, बारीक तारेसारखे धावरे (आडवे पसरणारे कोंब) दिसतील आणि त्या धावऱ्यांना जागोजागी लहान बोराएवढ्या गोल गाठी लटकलेल्या असतील, वर तांबूस-तपकिरी खवल्यांची लव, नखाने फोडलं तर आत पांढरट आणि पाणीदार. या गाठी दिसल्या की समजायचं हाच तो. नेपाळात या गाठींना पानी अमला म्हणतात आणि खातात सुद्धा, तहान भागवायला. म्हणजे त्यात किती पाणी साठवलेलं असतं ते बघा, आणि म्हणूनच एप्रिल-मेच्या उन्हात वरची पानं करपून गेली तरी खाली हा जिवंत राहतो आणि मृगाचा पहिला पाऊस पडला की आठवड्याभरात वर.

आता कोयतीने कापून तो का जात नाही ते. नेच्याचं पान हे त्याचं फक्त वरचं टोक आहे, खरं झाड जमिनीत आडवं पसरलेलं असतं. नवीन पान वर येतं तेव्हा ते वेटोळं घातलेल्या कोंबासारखं येतं, तो कोंब वाढवायला लागणारं सगळं अन्न खालच्या साठ्यातून येतं. पान पूर्ण उघडलं, हिरवंगार झालं की मग ते अन्न बनवून उलट खाली पाठवायला लागतं. तुमच्या गड्याने कापलं ते बहुतेक जून झालेलं रान, म्हणजे त्या पानांनी खालची भरपाई करून झाली होती आणि नंतर कापणी झाली. कापायचंच असेल तर वेळ वेगळी आहे, कोंब उलगडून पान नुकतं पसरलेलं, अजून पोपटी आहे, त्या वेळी कापायचं, कारण तेव्हा साठ्यातलं अन्न खर्च झालेलं असतं आणि परत काहीच जमा झालेलं नसतं. पावसात दर पंधरा-वीस दिवसांनी असं कापत राहिलं तर साठा खरंच रिकामा होत जातो, वर्षातून दोनदा सणावाराला कापलं तर होत नाही. पण नुसत्या कापण्याने हा पूर्ण जाईल असं मी तुम्हाला सांगणार नाही, गाठी असलेल्या जातीला खणावंच लागतं.

खणायच्या आधी पाणी बघा. हे कोणीच करत नाही आणि सगळं काम इथेच फुकट जातं. तुमच्याकडे बागेला पाणी कसं देता ते लिहिलं नाहीये, पण सावलीची बाग, वर स्प्रिंकलर किंवा मोकळा पाट, ओली जमीन आणि पाचोळा, हे नेच्याला याहून चांगलं काही नको. पोफळीला उन्हाळ्यात पाणी लागतंच, ते बंद करा असं म्हणणार नाही, पण झाडागणिक ठिबक केलं तर मधली जमीन नोव्हेंबर ते मे कोरडी राहते आणि मधल्या जागेतला नेचा निम्म्याहून जास्त आपोआप खचतो. ठिबक आत्ता शक्य नसेल तर निदान पाट फुटलेला असेल तिथे लिंपून घ्या आणि पंपाच्या पाईपचे जोड तपासा. मी बघितलंय की बागेत सगळ्यात दाट रान हमखास गळक्या जोडाच्या भोवती असतं.

खणायला योग्य वेळ म्हणजे पाऊस संपल्यावर, दसरा ते दिवाळी, जमिनीला वाफसा असतो, माती भुसभुशीत सुटते आणि धावरे न तुटता लांबच्या लांब निघतात. भर पावसात खणलं तर माती चिकटून येते आणि तुकडे चिखलात राहतात, मार्चनंतर जमीन कडक होते आणि मग टिकाव लागतो. पोफळीच्या बागेत टिकाव मारायचा नाही हे गड्याला आधीच बजावून ठेवा, पोफळीची बहुतेक मुळं वरच्या दीड-दोन फुटातच असतात, नेचा काढायच्या नादात मुळं तुटली की झाड पिवळं पडतं आणि वर्षभर फळ कमी. बुडापासून दोन-अडीच फुटात फक्त खुरपं आणि हात, मधल्या जागेत दात्यांचं फावडं किंवा कुदळ हलकी वापरायची. नेचा खोल जात नाही, वीतभर खाली गेलात की खेळ संपला, त्यामुळे जोर लावायची गरजच नसते.

काढायची पद्धत अशी. आधी पानं कापून बाजूला घ्या म्हणजे जमीन दिसेल. पानं उलटून बघा, मागच्या बाजूला मधली शीर आणि कडेच्या मध्ये तपकिरी ठिपक्यांची रांग असेल तर त्यात बीजाणू आहेत, ती पानं झटकायची नाहीत, ओली असतानाच पोत्यात भरायची. एका पानात लाखो बीजाणू असू शकतात आणि ते पिठासारखे हवेत उडतात, सगळे रुजत नाहीत पण ओला गडगा, ओली भिंत मिळाली की रुजतात. मग वरच्या अंगाकडून खालच्या अंगाकडे पट्ट्या पाडून काम करा, एका दिवसात एक पट्टाच पण पूर्ण, इकडे थोडं तिकडे थोडं असं नको. गड्डा हलवून सैल करायचा, वर ओढायचा नाही, धावरा ज्या दिशेला जातो तिकडे बोटाने माती उकरत जायचं आणि शेवटच्या गाठीपर्यंत काढायचं. मग ती माती दाताळ्याने ओढून सुटलेल्या गाठी वेचायच्या. हे वेचायचं काम कंटाळवाणं आहे पण खरा फरक त्यानेच पडतो, गडी घाई करत असेल तर हे काम घरच्या माणसांनी करा. मिरीचे वेल जमिनीवर पसरलेले असतील तर ते आधी हळूच उचलून पोफळीला बांधून घ्या, नेच्याच्या धावऱ्यांबरोबर मिरीचा धावरा कधी ओढला गेला ते कळत पण नाही.

काढलेलं रान पऱ्ह्यात किंवा व्हाळात टाकू नका, आपल्याकडे ही सवय फार आहे आणि खालच्या माणसाच्या बागेत तेच परत उगवतं. गाठी आणि धावरे कातळावर किंवा सिमेंटच्या खळ्यावर पसरून चांगले कडक वाळवा, महिना लागला तरी लागू दे, गाठ दाबल्यावर आतून पाणी न येता चुरा झाली पाहिजे. मग ते भाजावळीत घालता येतं. ठिपके नसलेली कोवळी पानं मात्र बिनधास्त झाडांच्या बुडात आच्छादन म्हणून टाका, पानातून नेचा फुटत नाही. गाठी खतकुंडीत टाकू नका, आपल्या घरगुती खड्ड्याला एवढी उष्णता येत नाही, त्या तिथे मजेत फुटतात.

खणून झाल्यावर जमीन उघडी ठेवलीत तर सगळं मुसळ केरात. उघड्या, ओल्या, सावलीतल्या जमिनीवर राहिलेली प्रत्येक गाठ फुटणार. दोन उपाय, पहिला म्हणजे झाकणं. जुने पुठ्ठ्याचे खोके उघडून एकावर एक चढवून अंथरायचे, चिकटपट्ट्या काढून टाकायच्या, वर माडाच्या झावळ्या, आमच्याकडे चुडतं म्हणतात त्यांचे दोन थर, त्यावर पोफळीच्या विऱ्या आणि पाचोळा. पावसाळ्याआधी हे केलं तर सप्टेंबरपर्यंत पुठ्ठा कुजून जातो आणि तोपर्यंत खालचे कोंब उजेडाअभावी बरेचसे मरतात. पुठ्ठा पोफळीच्या खोडाला टेकवू नका, अर्धा फूट मोकळं ठेवा. काहीजण प्लास्टिक अंथरून उन्हाने जमीन भाजायचं सांगतात, ती पद्धत उघड्या रानात एप्रिल-मेमध्ये चांगली चालते, पण तुमच्या बागेत सावली आहे, तिथे प्लास्टिकखाली जमीन तापतच नाही, उलट ओल टिकून नेच्याची सोय होते. तिथे पैसे घालू नका.

दुसरा उपाय म्हणजे जागा दुसऱ्या कशाने तरी भरून टाकणं, आणि माझ्या मते दीर्घकाळासाठी हाच खरा. मधल्या पट्ट्यात हळद, आंबेहळद, सुरण, अळू, जिथे थोडं ऊन येतं तिथे अननस. हळदीचा एक फायदा असा की ती काढताना दरवर्षी जमीन आपोआप खणली जाते आणि राहिलेल्या गाठी हाताला लागतात, वेगळी मजुरी पडत नाही. जिथे जास्त ऊन पडतं तिथे चवळी किंवा ताग पेरून फुलावर आला की गाडून टाका.

आता तणनाशक. दुकानदाराने जे सांगितलं ते बहुतेक ग्लायफोसेट असणार. पोफळी-मिरीच्या बागेत माझं उत्तर सरळ नाही असं आहे. एक तर आपल्याकडे त्याची नोंदणी चहाचे मळे आणि बिनपिकाची जमीन यांच्यासाठी आहे, बागायतीसाठी नाही, आणि ऑक्टोबर २०२२ मध्ये केंद्र सरकारने आदेश काढला की ते फक्त पेस्ट कंट्रोल ऑपरेटरमार्फतच वापरायचं, म्हणजे तुमच्या गड्याने पाठीवर पंप घेऊन मारायचं औषधच ते नाही. दुसरं, मिरीच्या वेलाला फवारा नुसता उडून लागला तरी वेलाला इजा होते, आणि वेल जमिनीवर पसरलेले असतील तर तो लागणारच. तिसरं, नेच्याचं पान गुळगुळीत, त्यावरून औषध ओघळून जातं, वरची पानं करपतात, माणसाला वाटतं काम झालं आणि गाठीतून परत फुटतं. मग माणूस दुसऱ्यांदा दुप्पट मारतो. काही ठिकाणी पॅराक्वाट मारतात, ते तर पान जाळण्यापलीकडे काही करत नाही, आणि माणसाच्या पोटात गेलं तर त्याला उतारा नाही, घरात आणूच नका. परदेशातल्या व्हिडिओंमध्ये मेटसल्फ्युरॉन नावाचं औषध नेच्यावर फार चांगलं म्हणून दाखवतात, ते काम करतं हे खरं आहे, पण ते जमिनीत टिकून राहतं, पुढे त्या जागी भाजी, कडधान्य लावलं तर उगवण मार खाते, आणि आपल्याकडे ते गहू-भातासारख्या पिकांसाठी आहे, बागेतल्या नेच्यासाठी नाही.

मीठ तर अजिबात नको, काकांना माझा नमस्कार सांगा पण हे ऐकू नका. मिठाने नेचा मरेलही, पण ते मीठ पावसाने पोफळीच्या मुळात जाणार आणि वरच्याच थरात मुळं असल्यामुळे सगळ्यात आधी पोफळीच मार खाणार. माडाला मीठ घालतात म्हणून बागेला चालतं असं लोकांना वाटतं, पण माडाचं सहन करणं वेगळं आणि जायफळ-मिरीचं वेगळं. व्हिनेगर, साबणाचं पाणी याने पान करपतं, गाठीला काही होत नाही. अंगणातल्या चिऱ्यांच्या सांध्यात उगवलेल्या बारक्या रोपांवर उकळतं पाणी ओतलं तर मात्र चांगला गुण येतो, भाताची गरम पेजही चालते, फक्त तिथे बाजूला दुसरं झाड नको. आणि चुना. नेच्याला आंबट जमीन लागते म्हणून चुना टाकला की मरतो, असं खूप जण सांगतात. आपली जांभ्याची जमीन आंबट आहे हे बरोबर, काही पिकांना चुन्याने फायदा होतो हेही बरोबर, पण त्याने नेचा मरत नाही. तुमच्या गडग्यावरचा जो लांब, एकेरी पात्यांचा नेचा आहे तो बहुतेक टेरिस व्हिटाटा, तो तर चुन्याच्या दर्जांमध्येच (चिऱ्यांमधल्या सांध्यांत) सगळ्यात जोरात वाढतो, जुनी देवळं, विहिरी, किल्ल्यांच्या भिंती कुठेही बघा. हाच नेचा जमिनीतलं आर्सेनिक शोषून पानात साठवतो असं २००१ मध्ये शास्त्रज्ञांनी दाखवलं, म्हणून जिथे कारखान्याचा कचरा वगैरे पडलेला असेल तिथला काढून जनावरांपुढे टाकू नये.

तर गडगा. नुसता रचलेला, मातीचा गडगा असेल तर त्यावरचा नेचा राहू द्या, त्याने गडगा पडत नाही, उलट पावसात वरची माती धरून ठेवतो. गडग्याला खरा धोका नेच्याचा नाही, त्याच्या शेजारी उगवलेल्या पिंपळ, वड, उंबराच्या रोपांचा आहे, ती बोटभर असतानाच काढा, एकदा मूळ आत शिरलं की पुढे चिरे बाहेर ढकलले जातात. नेच्याच्या गर्दीत ही रोपं लपतात, म्हणून पावसाळ्यानंतर एकदा गडग्याच्या कडेने चक्कर मारून बघा. घराची भिंत, जोतं किंवा पाण्याची टाकी असेल तर मात्र नेचा काढायचा, पण तो तिथे उगवला म्हणजे आत कुठून तरी पाणी मुरतंय असं समजा. पन्हळ तुटलीय का, न्हाणीघराचा पाईप पाझरतोय का, गच्चीचं पाणी भिंतीवरून उतरतंय का हे आधी शोधा. ते न करता नुसता नेचा उपटून सिमेंट फासलं तर पुढच्या पावसात हातभर बाजूला परत उगवतो. पाणी बंद केलं की भिंत सुकू द्या, मग अरुंद छिन्नीने दर्जेतली मुळं उकरून काढा, दर्ज नीट खरवडून साफ करा आणि परत भरा. जुनी चुन्यातली भिंत असेल तर चुन्यानेच भरा, सिमेंटची दर्ज कडक होते, आतली ओल बाहेर येऊ देत नाही आणि मग चिरा कडेने झिजतो. बाथरूम साफ करायचं ॲसिड भिंतीवर ओतायचा सल्ला देतात तो टाळा, ॲसिड चुना खातं.

विहिरीत बहुतेक हंसराज असणार, काळ्या चकचकीत बारीक देठाचा, नाजूक पानांचा, किंवा परत टेरिस. विहिरीत काहीही फवारू नका, हे वेगळं सांगायला नको पण सांगतो, कारण विहिरीच्या कठड्याला तणनाशक मारलेलं मी डोळ्यांनी बघितलंय आणि तेच पाणी घरात प्यायला जात होतं. हंसराजाने पाणी खराब होत नाही, बांधकामालाही त्याचा धक्का नाही. फक्त कठड्यावरची आणि पायऱ्यांवरची झाडी काढा, पाय घसरतो म्हणून. उन्हाळ्यात विहीर उपसायला माणूस उतरेल तेव्हा पिंपळ-उंबराची रोपं तेवढी काढून घ्या, बाकीचं तसंच सोडा.

आंब्यावर जे आहे ते बाशिंग, काही लोक वांदरबाशिंग म्हणतात. बुडाशी वाळक्या तपकिरी पानांची टोपली आणि त्यातून वर हिरवी, खोल कातरलेली मोठी पानं. ते आंब्याचा रस शोषत नाही. लोक बांडगूळ आणि बाशिंग यांना एकाच माळेत गुंफतात, पण बांडगुळाचं मूळ फांदीत घुसतं आणि ते झाड खरंच खच्ची करतं, बाशिंग फांदीच्या सालीला नुसतं बिलगून बसतं, पाणी पावसाचं घेतं आणि त्या वाळक्या टोपलीत साठलेल्या पाचोळ्याचं खत खातं. बांडगूळ असेल तर फांदीसकट काढा, बाशिंग राहू द्या. दोनच वेळा मी बाशिंग काढायला सांगतो. एक, म्हाताऱ्या झाडाची आडवी फांदी आधीच पोकळ असेल आणि त्यावर पावसात भिजून जड झालेलं बाशिंगाचं ओझं असेल. दुसरं, माडाच्या खोडावर, कारण पाडपी वर चढताना तिथे पाय सटकतो आणि आत विंचू, गोम काहीही असू शकतं. तिथे वर चढून नाही, खालून लांब काठीच्या आकडीने ओढून पाडा, उन्हाळ्यात, वाळलेलं असताना.

मध्ये थोडं बाकीच्यांसाठी, कारण सगळ्यांची जागा तुमच्यासारखी नसते. खाडीकाठी खाजणात माणूसभर उंच, जाड चामड्यासारख्या पानांचा नेचा असतो तो अॅक्रोस्टिकम, कांदळवनातलाच सोबती आहे. बांध बुजत असेल तरी कांदळवनात किंवा त्याच्या पन्नास मीटरच्या पट्ट्यात स्वतःच्या मनाने तोड करू नका, हायकोर्टाचे आदेश आहेत, वनविभागाच्या कांदळवन कक्षाला विचारूनच. घाटरस्त्याच्या कापलेल्या दरडीवर जे दाट, फाटे फुटलेलं नेच्याचं जाळं असतं ते तर कोणीही काढू नये, त्याच्याखाली फक्त लाल माती असते आणि ते गेलं की पहिल्या जोराच्या पावसात दरड खाली. महाबळेश्वर-पाचगणीकडे ज्यांची उघड्या माळाची जमीन आहे त्यांचा नेचा म्हणजे ब्रॅकन, त्रिकोणी मोठं पान, हिवाळ्यात तांबडा पडून वाळणारा. तो पेटवून द्यायची सवय आहे ती मोडा, त्याचं जमिनीतलं खोड खोल असतं, आगीत त्याला काही होत नाही आणि बाकीचं गवत-झुडूप जळून त्यालाच मोकळं रान मिळतं. जनावरांना तो विषारी आहे, त्यातल्या टॅक्विलोसाइड नावाच्या द्रव्याने कॅन्सर होतो आणि हिमालयातल्या डोंगराळ भागात गुरांना लघवीतून रक्त जाण्याचा जो जुना रोग आहे तो ब्रॅकन चरण्याशीच जोडलेला आहे. ब्रिटनमध्ये डोंगरच्या डोंगर या एका नेच्याने व्यापलेत, तिथे अस्युलॅम नावाचं औषध हेलिकॉप्टरने मारायचे, २०११ मध्ये युरोपियन युनियनने त्याची मान्यता काढून घेतली आणि नंतर काही वर्षं ब्रिटनमध्ये ते दरवर्षीच्या तात्पुरत्या परवानगीवर चाललं. औषध मारलेल्या जागीही पुढची काही वर्षं पाठपुरावा केला नाही तर ब्रॅकन परत यायचा. म्हणजे तिथेही शेवटी पान नुकतं उघडल्यावर कापायचं, वर्षातून दोनदा आणि तीन-चार वर्षं न चुकता, ह्याच कामाला पर्याय नाही.

परत तुमच्याकडे येतो. किती दिवस लागतील असं विचारलंत. वीस गुंठ्यातली अर्धी बाग म्हणजे एका हंगामात सगळी खणायला जाऊ नका, मजूर मिळत नाहीत आणि मिळाले तरी काम वरवरचं होतं. यंदा दिवाळीच्या सुमारास वरच्या अंगाची निम्मी जागा नीट करा, उरलेल्या निम्म्या जागेत फक्त पावसात दर पंधरवड्याला कोवळी पानं कापत राहा, नागपंचमी ते गणपती या काळात तर चुकवूच नका, कारण त्यानंतर पानामागचे ठिपके पिकायला लागतात. पुढच्या वर्षी दुसरा निम्मा भाग खणा, तोपर्यंत तो बराच मरगळलेला असेल. पहिल्या भागात खणल्यावरही जूनमध्ये कोंब दिसणारच, त्याने हातपाय गाळू नका, ते सुटलेल्या गाठींचे आहेत, एकेक सुटी रोपं असतात, ओल्या जमिनीतून दोन बोटांनी गाठीसकट निघतात. साधारण दोन पावसाळे नेटाने केलं की तिसऱ्या वर्षी महिन्यातून एखादी फेरी पुरते. आणि अंगणातल्या कुंड्या आवडत असतील तर ठेवा की, फक्त त्या जमिनीवर न ठेवता चिऱ्यावर किंवा स्टँडवर ठेवा, कुंडीच्या भोकातून धावरा खाली उतरतो, आणि जुना गड्डा फोडलात तर जादा भाग शेजारी-पाजारी वाटू नका.

राहिली तळी. तुम्ही पाठवलेला फोटो वरून काढलेला आणि अस्पष्ट आहे, त्यामुळे जवळून बघून सांगा. बारीक, नखापेक्षा लहान, त्रिकोणी, उन्हात तांबूस होणारं असेल तर अझोला, तो पण नेचाच आहे, पण उपयोगी, गुरांना, कोंबड्यांना खायला घालतात आणि भातात नत्र देतो, जाळीने काढून वापरत राहा. पण पानं अंगठ्याच्या पेराएवढी, मध्ये दुमडलेली, वर उभे केस आणि त्या केसांमुळे पाण्याचे थेंब पानावर नुसते घरंगळत असतील तर तो साल्व्हिनिया, आणि मग उद्याच काम सुरू करा. तो मूळचा ब्राझीलचा, बीजाणूंनी वाढत नाही, तुकड्यातून वाढतो आणि पोषक पाण्यात उबदार दिवसांत दोन-तीन दिवसात दुप्पट होऊ शकतो. केरळात त्याने भातशेती आणि जलमार्ग अडवले होते, १९८० च्या दशकात त्याच्यावर जगणारा एक बारीक सोंड्या भुंगा आणून सोडला तेव्हा कुठे आटोक्यात आला. मध्य प्रदेशात सारणीच्या सातपुडा जलाशयावर पण हेच पसरलं होतं, तिथे लोक चायनीज झालर म्हणायचे, जबलपूरच्या तण संशोधन संचालनालयाने तोच भुंगा सोडून ते साफ केलं. तुमच्या तळीला भुंगा लागणार नाही, एवढी जागा हाताने होते. एका काठाकडून सुंभाच्या दोरीला नारळाची सोडणं ओवून ती पाण्यावर तरंगती ठेवायची आणि दोन माणसांनी दोन्ही टोकांनी ओढत सगळं एका कोपऱ्यात आणायचं, मग मच्छरदाणीच्या जुन्या कापडाने गाळून काठापासून लांब, उताराच्या उलट्या बाजूला टाकायचं. आठवड्याने परत, मग परत, एकही तुकडा दिसेनासा होईपर्यंत. आणि हे पाऊस लागायच्या आत संपवायचं, कारण तळी भरून वाहिली की तो व्हाळातून खाली नदीला जाणार आणि मग तो तुमचा एकट्याचा प्रश्न राहत नाही. पानाचा वरून एक आणि पाण्यातून उचलून खालून एक असे दोन फोटो पाठवा, तोपर्यंत त्यातलं काही गुरांना घालू नका आणि तळीतली बादली, पाईपचा फूटव्हॉल्व्ह दुसऱ्या पाण्यात नेऊ नका.